नाट्यगृह महापालिकेचं, मग नटसंच का नाही?

पुण्यात बालगंधर्व रंगमंदिर पाडून नवं बांधायचं की आहे तेच दुरुस्त करायचं, यावर वर्षानुवर्षं वाद चालला. एसी, पार्किंग, मेकअप रूम, तारखांचं वाटप, सगळ्यावर बोललं गेलं. पण त्या वास्तूत महापालिकेचा स्वतःचा पगारी नटसंच असावा का, हा प्रश्न फारसा कोणी विचारला नाही. रोमानियाच्या राजधानीतून, बुखारेस्टमधून बघताना मला तोच सर्वांत महत्त्वाचा वाटतो.

इथलं बुलांद्रा थिएटर शहराच्या पालिकेचं आहे. नट, शिंपी, सुतार, प्रॉम्प्टर पगारावर असतात. एकच नाटक रोज लावत नाहीत. महिन्याचा कार्यक्रम आधी जाहीर होतो, त्यात वेगवेगळी नाटकं आलटून पालटून येतात आणि चांगलं नाटक अनेक वर्षं टिकतं.

रोमानियन नट यॉन कारामित्रू (१९४२–२०२१) या व्यवस्थेत मोठा झाला. १९६४ मध्ये नाट्यशिक्षण संपवलेल्या या नटाने १९८५ मध्ये, त्रेचाळिसाव्या वर्षी, तोचिलेस्कूच्या दिग्दर्शनात बुलांद्रात हॅम्लेट उभा केला. रोमानियाचा कम्युनिस्ट हुकूमशहा चाउशेस्कूच्या राजवटीत कुजलेल्या दरबाराचं नाटक प्रेक्षक कसं ऐकत असतील, हे सांगायला नको. १९८९च्या २२ डिसेंबरला कवी दिनेस्कूसोबत टीव्हीवरून ही राजवट उलथवणाऱ्या क्रांतीची बातमी देणारा नट हाच. पुढच्याच वर्षी तो हॅम्लेट लंडनच्या नॅशनल थिएटरमध्ये गेला. पाच वर्षं एक भूमिका अंगात मुरवायची सोय त्याला होती. आपल्याकडे बुकिंग घसरलं की सेट गोडाऊनमध्ये जातो आणि ‘नाईट’वर, म्हणजे प्रयोगागणिक मिळणाऱ्या मानधनावर, जगणारा नट मालिकेकडे वळतो. त्याला दोष देणं मला अन्यायाचं वाटतं. सिनेमा कारामित्रूनेही केला, ‘मिशन इम्पॉसिबल’मध्ये छोटी भूमिकासुद्धा, पण घर चालवण्यासाठी त्याला रंगभूमी सोडावी लागली नाही.

या व्यवस्थेत दोषही आहेत. पैसा सरकारचा म्हटल्यावर सेन्सॉर आला, तो चाउशेस्कूच्या काळात फारच जाचक होता. आज अडचण वेगळी आहे: कायम नोकरीतल्या काही नटांना हंगामच्या हंगाम भूमिका मिळत नाही, आणि तरुणांना जागा रिकामी होत नाही. स्वतः कारामित्रू १९९६ ते २००० संस्कृतिमंत्री होता, २००५ पासून मृत्यूपर्यंत बुखारेस्टच्या राष्ट्रीय नाट्यगृहाचा प्रमुख. त्याच्या काळात त्या इमारतीचं मोठं नूतनीकरण झालं, हे श्रेय त्याचंच. तरी सोळा वर्षं एकाच हाती सूत्रं असणं मला पटत नाही.

म्हणून आपल्याकडे सुरुवात लहान असावी. एका नाट्यगृहापुरते बारा नट, तीन वर्षांचा करार, कायम नोकरी नाही. दोन नाटकं आलटून पालटून, महिन्यातल्या आठ तारखा राखीव. प्रमुख खुल्या स्पर्धेतून, लेखी आराखडा तपासून नेमावा, नगरसेवकाच्या शिफारशीवर नाही. निर्माते तारखांवरून चिडतील, त्यामुळे शनिवार-रविवार त्यांच्याकडेच ठेवून मधल्या वारांच्या रिकाम्या तारखा या संचाला द्याव्यात. बालगंधर्वांच्या गंधर्व नाटक मंडळीत नट पगारी होते आणि कंपनीच्या बिऱ्हाडात राहत. तेव्हा ही कल्पना आपल्याला परकी नाही.