दात पडलाय की हललाय?

आज दुपारी आमच्या सोसायटीत पोलीस आले. सी विंगमधल्या एका घरातलं सोन्याचं कानातलं सापडेना. फोन केल्यापासून गाडी गेटात यायला वीस मिनिटंसुद्धा लागली नाहीत म्हणे. हे वॉचमनकाकांनी मला कौतुकाने सांगितलं. त्या घरी धुणंभांडी करणारी मुलगी, असेल चोवीस-पंचवीसची, पार्किंगमधल्या बाकावर बसवली होती. तिची पिशवी बाकावर उलटी केलेली. जेवणाचा डबा, कंगवा, कसल्याशा गोळ्यांची अर्धी पट्टी, रुमालाच्या गाठीत सुटे पैसे. आणि वरच्या गॅलऱ्यांतून आम्ही सगळी सभ्य माणसं खाली बघतोय.

तिने घेतलं असेलही. मला माहीत नाही आणि तिची वकिली करायला मी ही पोस्ट लिहीत नाहीये. पण संध्याकाळी ग्रुपवर सुरू झालं, "आपल्याकडे कायद्याचा धाकच नाही", मग कोणीतरी ते नेहमीचं हात तोडण्याचं टाकलं, त्यावर अकरा अंगठे आले, आणि माझं डोकं फिरलं. भाजी अर्धी चिरून ओट्यावर पडलीय.

धाक नाही? अहो, नोकराने मालकाची चोरी केली तर त्यासाठी खास वेगळं कलम आहे. १८६० च्या दंड संहितेत ते ३८१ होतं, आता न्याय संहितेत ३०६. सात वर्षांपर्यंत कैद, दखलपात्र (म्हणजे पोलीस वॉरंटशिवाय उचलू शकतात), अजामीनपात्र. गोरे साहेब गेले, दंड संहिता गेली, हे कलम फक्त नंबर बदलून तिथंच बसलंय. आणि मालकाने नोकराला थोबाडलं तर? त्याच्यासाठी असं खास काही शोधत बसू नका. ती साधी मारहाण.

साध्या मारहाणीबद्दल मला थोडं माहीत आहे. माझ्या यादीतल्या जुन्या लोकांनी हे ऐकलंय, पण पुन्हा ऐका.

आमच्याकडे पोळ्यांना येणाऱ्या मावशी. नाव लिहीत नाही, त्यांना आवडणार नाही. २०२२ चा मे. त्यांच्या वस्तीत नळाला पाणी दिवसाआड, तेही पाऊण तास. हंड्यांच्या नंबरावरून बाचाबाची झाली आणि शेजारच्या खोलीतल्या माणसाने मावशींच्या तोंडावर मारलं. चापट नाही, मूठ. सकाळी आठला त्या माझ्या दारात उभ्या, पदर तोंडावर दाबलेला, पदराला रक्त, आणि पहिलं वाक्य काय? "ताई, आज पोळ्यांना जरा उशीर होईल."

मी त्यांना घेऊन पोलीस स्टेशनला गेले. कुठलं ते विचारू नका. दीड तास बाकावर. समोर भिंतीवर मोठा फ्लेक्स: शासकीय कर्मचाऱ्यास मारहाण, शासकीय कामात अडथळा, भा.दं.वि. ३५३, पाच वर्षांपर्यंत शिक्षा. दीड तासात माझा तो पाठ झाला. केंद्राच्या कायद्यात ही शिक्षा दोन वर्षांचीच होती बरं का. महाराष्ट्राने स्वतःची दुरुस्ती करून २०१८ मध्ये ती पाच वर्षं केली. फौजदारी कायदा समवर्ती सूचीत येतो, राज्याला त्यात हात घालता येतो, राष्ट्रपतींची संमती घ्यावी लागते, पण येतो. साहेबाच्या टेबलावर कोणी हात आपटला तर राज्य असं धावून जातं.

दीड तासाने ठाणे अंमलदारांनी मावशींकडे बघितलं आणि विचारलं, "दात पडलाय की हललाय?"

मला वाटलं, बिचारे काळजीने विचारतायत.

मावशींनी जिभेने चाचपून बघितलं. नीट, दोनदा. मग म्हणाल्या, "हललाय, साहेब."

"मग एनसी."

झालं! एनसी म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नोंद. तीन कलमं, ३२३, ५०४, ५०६. मारहाण, शिवीगाळ, धमकी. ज्यांनी कधी गरीब माणसाबरोबर पोलीस स्टेशनची पायरी चढलीय त्यांना हे तीन आकडे फोन नंबरासारखे पाठ असतात. नोंद होते, हातात एक प्रिंट मिळते आणि सांगतात, कोर्टात जा. मॅजिस्ट्रेटचा आदेश आणल्याशिवाय पोलिसांना तपास करता येत नाही, वॉरंटशिवाय अटक करता येत नाही. ३२३ ला कागदावर एक वर्षाची शिक्षा होती, तेव्हा दंड हजार रुपयांपर्यंत. पण त्या एका वर्षापर्यंत प्रकरण चालत जाणार कोणाच्या पायांनी? पाच घरच्या पोळ्या करणाऱ्या बाईच्या?

दाताचं गणित मला नंतर कळलं. हाड किंवा दात मोडला, निखळला की ती गंभीर दुखापत. मग कलम ३२५, सात वर्षांपर्यंत, दखलपात्र, पोलिसांना हलावंच लागतं. नुसता दुखावला असेल तर साधी. म्हणजे मावशी त्या क्षणी खोटं बोलल्या असत्या, "पडला, घरी राहिलाय", तर सगळी गाडी वेगळ्या रुळावर गेली असती. हललेला दात निखळलेला धरायचा की नाही यावर माझा एक वकील मित्र तासभर बोलू शकतो. अंमलदारांना तीन सेकंद पुरले.

आणि तो शब्द बघा ना. अदखलपात्र. इंग्रजीत 'नॉन कॉग्निझेबल' म्हटलं की कसं तांत्रिक, निरुपद्रवी वाटतं. मराठीत ज्याने कोणी हा शब्द घडवला त्याने नकळत खरं बोलून टाकलंय. दखल घ्यायला पात्र नाही. गुन्ह्याला म्हणतात म्हणे तसं. मावशींनी प्रिंटवर तो शब्द बोट ठेवून अक्षर अक्षर वाचला आणि मला विचारलं, "म्हंजे काय ओ?" मी म्हटलं, "म्हणजे लहान गुन्हा." दुसरं काय सांगणार होते?

थांबा, पुढचं ऐका. त्याच दुपारी तो माणूसही तिथे गेला आणि त्याने मावशींविरुद्ध एनसी दिली. क्रॉस एनसी. त्याच्या मुठीवर जखम होती, बाईने चावलं म्हणाला. अरे, तुझी मूठ तिच्या दातावर आपटली म्हणून ती जखम झाली! पण नोंद झाली. दोन्ही बाजू समान. आणि महिनाभराने दोघांनाही चॅप्टरची नोटीस, १०७ ची. शांतता राखीन असा बाँड लिहून द्या. मावशींचे त्यात दोन दिवस गेले, दोन घरांनी पगार कापला. ज्या बाईचा दात हलला तिनेच शांतता राखायची हमी द्यायची!

चौथ्या दिवशी तो दात पडला. माझ्याच स्वयंपाकघरात, चहाबरोबर बटर खाताना. चुन्याच्या रिकाम्या डबीत घालून आम्ही पुन्हा गेलो. या वेळी दुसरे अंमलदार होते. त्यांनी डबी उघडून बघितली, झाकण लावलं, परत दिली. "मॅडम, मेडिकल त्या दिवशीचं आहे. त्यात साधी दुखापत लिहिलंय." विषय संपला.

गंभीर दुखापतीचा आणखी एक प्रकार कायद्यात आहे, तो वाचला तेव्हा मी पुस्तक आपटलं होतं. जखमी माणसाला वीस दिवस तीव्र वेदना होत असतील किंवा वीस दिवस तो आपलं रोजचं काम करू शकत नसेल तर ती गंभीर. मावशी तिसऱ्या दिवशी कामावर आल्या होत्या. गाल सुजलेला, एका बाजूने बोलत, पोळ्या लाटत. वीस दिवस घरी बसल्या असत्या तर पाचही घरी दुसरी बाई लागली असती. मी बसवलं असतं का घरी, भरपगारी, वीस दिवस? खरं सांगू, मला माहीत नाही. तेव्हा त्या आल्या याचं मला हायसं वाटलं होतं. हे लिहायला लाज वाटतेय, पण असू दे. ज्याला रजा परवडते त्याची जखम गंभीर होऊ शकते. नव्या संहितेत वीसचे पंधरा दिवस केलेत. मोठे उपकार.

हो, १ जुलै २०२४ पासून नवे कायदे आलेत, माहितीय मला, कॉमेंटमध्ये शिकवू नका. ३२३ चं ११५(२) झालं. दंड हजारावरून १० हजारांपर्यंत गेला. कैद तीच, एक वर्ष. आणि रकाना? अजूनही अदखलपात्र. एनसीचा अहवाल आता पंधरवड्याने मॅजिस्ट्रेटकडे पाठवायचा आहे, तेवढं एक बरं केलं. पण गंमत बघा. पाच हजारांच्या आतली चोरी, पहिलाच गुन्हा असेल आणि वस्तू परत केली तर शिक्षा समाजसेवेची, आणि ती नव्या तक्त्यात अदखलपात्र. कल्पना म्हणून छान आहे, भुकेल्या पोराला तुरुंगात कशाला टाकायचं. पण मावशींचा मोबाईलच साडेचार हजारांचा आहे. तो गेला तर पुन्हा 'वहीत नोंद करतो'. आणि त्यांनी मालकिणीच्या पर्समधून पाचशेची नोट घेतली तर ३०६, ज्याला पाच हजारांची सूटबीट काही नाही. सात वर्षांपर्यंत. आता बोला, धाक कोणाला नाही?

माझा टेक्सासातला मावसभाऊ मागे म्हणाला, अगं इकडेही तसंच, अडीच हजार डॉलरच्या आतली चोरी मिसडिमीनर, म्हणजे लहान गुन्हा, वर फेलनी, म्हणजे मोठा. असेल. पण त्याच्याकडे शेजाऱ्याने तोंड फोडलं तर तेही मिसडिमीनरच, एक वर्षापर्यंत, आणि तरी पोलीस दारात येतात आणि बेड्या घालून नेऊ शकतात. म्हणजे 'लहान गुन्हा' ठरवला म्हणून पोलिसांचे हात बांधलेच पाहिजेत असं काही नाही.

आता माझी वहिनी डॉक्टर आहे, ती चिडण्याआधीच लिहिते. दवाखान्यात मारहाण झाली तर २०१० चा राज्याचा कायदा आहे, तीन वर्षांपर्यंत, ५० हजारांपर्यंत दंड, दखलपात्र, अजामीनपात्र. हवाच. रात्रपाळीला काय होतं ते तिच्याकडून ऐकलंय. पत्रकारांसाठी २०१७ चा, साधारण तसाच. तोही असू दे. पण मग दुसऱ्याच्या घरात, बंद दाराआड काम करणाऱ्या बाईसाठी विधानसभेत कोणाला का सुचत नाही? तिची संघटना मोर्चा काढून थकते, आम्ही सिग्नलला हॉर्न वाजवतो.

आणि तुम्ही मंडळी! काही झालं की फाशी. डीपी काळा आणि फाशी. २०२१ च्या डिसेंबरात महिलांवरच्या अत्याचारांसाठीचं शक्ती विधेयक विधिमंडळात मंजूर झालं, त्यात मृत्युदंड होता, तेव्हा याच भिंतीवर पेढे वाटले होते तुम्ही. मीही लाईक केलं होतं. राष्ट्रपतींची संमती काही आली नाही त्याला. त्यानंतर पाचच महिन्यांत मी त्या बाकावर बसले होते, आणि तिथे फाशीचा काही उपयोग नव्हता. तिथे फक्त एक हलणारा दात होता आणि तो कुठल्या रकान्यात बसवायचा एवढाच प्रश्न होता. त्या फौजदारी प्रक्रियेच्या पुस्तकाच्या शेवटी एक तक्ता असतो बघा, कंटाळवाणा, कलम, गुन्हा, शिक्षा, दखलपात्र की अदखलपात्र, जामीनपात्र की नाही, कुठलं कोर्ट. आपलं निम्मं नशीब त्या चौथ्या रकान्यात ठरतं. त्यासाठी मेणबत्ती घेऊन निघालेलं मी अजून कोणी पाहिलं नाही.

ठीक आहे, सगळंच दखलपात्र केलं तर प्रत्येक नळावरच्या भांडणात कोणीतरी आत जाईल, आणि ते गरीबच असेल. हे मला कळतं. पोलिसांना विनावॉरंट अटकेचा हात जितका आखूड तितकं बरं, असं मीच कॉलेजात भाषण ठोकलं होतं. मला नेमकं काय हवंय ते मला अजून सांगता येत नाही, बास.

त्या अंमलदारांचाही राग नाही आता. रात्रपाळी करून बसले होते, डोळे लाल. मावशींना त्यांनी स्वतःच्या बाटलीतलं पाणी दिलं होतं, आणि निघताना हळूच म्हणाले होते, "मॅडम, आम्हाला कळत नाही का? पण मेडिकलला जे येईल त्यावरच." तेव्हा मी त्यांना फाडून खाल्लं होतं. बाटली परत द्यायचीही राहिली.

आजची ती मुलगी सूर्यास्ताच्या आत घरी गेली, उद्या सकाळी दहाला बोलावलंय. कानातल्याचं अजून काही कळलेलं नाही. आणि ग्रुपवर ठराव झालाय की कामवाल्या सगळ्या बायकांचं आधार आणि एक फोटो रविवारपर्यंत ऑफिसात जमा करायचा. मी वाद घातला, एक विरुद्ध सत्तर, हरले. मघाशी मावशींना फोन करून सांगितलं. त्या काही रागावल्या नाहीत. थोडा वेळ गप्प राहिल्या आणि म्हणाल्या, "ताई, फोटो तोंड मिटून काढला तर चालंल ना?"