‘जो आधी लागला तो सीनियर’ म्हणे!

महिनाभर नागपुरातल्या कर्मचाऱ्यांच्या व्हॉट्सॲप गटांत एक संदेश फिरतोय : ‘नोकरीला जो आधी लागला तो सीनियर. सीनियरला पदोन्नती हा त्याचा हक्क. डावलले तर केव्हाही मॅटमध्ये जा. जिंकलात की मागची सगळी थकबाकी मिळते.’ मॅट म्हणजे राज्य सरकारी कर्मचाऱ्यांच्या नोकरीच्या तक्रारी ऐकणारं महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. हा संदेश मला सात जणांनी पाठवला. आस्थापना शाखेत ज्येष्ठतासूच्या करण्यात माझी उमर गेली, म्हणून राहवत नाही.

पहिल्याच वाक्यात घोळ. लागला कुठे? ज्येष्ठता मोजतात ती त्या संवर्गातली, म्हणजे त्या पदांच्या गटातली सलग सेवा, एकूण नोकरी नव्हे. आणि एकाच निवडीतून आलेल्यांमध्ये तर रुजू तारखेला फारशी किंमतच नाही. माझ्या टेबलापुढे एकदा दोघं उभे होते. तो १ तारखेला हजर झालेला, ती १९ तारखेला. सूचीत ती वर. ‘अठरा दिवस आधी आलो न भाऊ मी, हजेरीपटावर सही आहे!’ सही होती, खरीच. पण निवडयादीत तिचा क्रमांक चौथा, याचा अकरावा. आदेशापासून ३० दिवसांत किंवा वाढवून दिलेल्या मुदतीत रुजू झालं की गुणवत्ताक्रमच चालतो, हे १९८२च्या ज्येष्ठता नियमांतच लिहिलं होतं. गडचिरोलीहून स्वतःच्या विनंतीवर नागपूरला आलेले एक गुरुजी आठवतात. अकरा वर्षांची सेवा, आणि इथल्या सूचीत नाव तळाला, कालच्या पोरांच्याही खाली. वाईट वाटायचं, पण जिल्हा बदलून मागितल्याची ती किंमत असते. नियमबाह्य, तात्पुरती नेमणूक असेल तर तो काळही धरत नाहीत. १९९० साली सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने हे सांगितलं, तेही महाराष्ट्रातल्याच अभियंत्यांच्या प्रकरणात.

हक्काचं म्हणाल, तर अर्धं खरं आहे. हक्क आहे तो विचार होण्याचा. कनिष्ठाचा विचार झाला आणि तुमचा झालाच नाही, तर जरूर भांडा. पण गोपनीय अहवाल, विभागीय परीक्षा यांची चाळणी राहतेच, आणि विभागीय चौकशी सुरू असेल तर पदोन्नती समितीचा निष्कर्ष चौकशी संपेपर्यंत मोहोरबंद पाकिटात जातो.

‘केव्हाही मॅटमध्ये जा’ हे वाक्य मात्र घातक. एक तर जिल्हा परिषदेचे कर्मचारी मॅटच्या कक्षेतच येत नाहीत. आणि हा संदेश जिल्हा परिषदेच्या गुरुजींच्या गटांतही फिरतोय. दुसरं म्हणजे मुदत. अंतिम आदेशापासून एक वर्ष. निवेदनाला उत्तरच आलं नाही तर सहा महिने वाट पाहून पुढे एक वर्ष. निवेदनावर निवेदन देत राहिल्याने घड्याळ पुन्हा शून्यावर येत नाही, हे १९८९ सालीच ठरलंय. ज्येष्ठतेच्या बाबतीत न्यायालय आणखी कडक, कारण तुमचं नाव एक पायरी वर गेलं की दुसऱ्या कुणाचं खाली येतं. ज्यांना फटका बसणार त्यांना प्रतिवादी करावं लागतं, म्हणजे ज्याच्या डब्यातली भाजी रोज खाता त्याच्या नावाने नोटीस निघते.

खरी वेळ त्याच्या कितीतरी आधीची. तात्पुरती सूची निघते, आक्षेपांना मुदत असते, कागद टेबलाटेबलावर फिरतो. लोक चहाचा कप एका हातात धरून दुसऱ्या हाताने न वाचताच सही ठोकतात.

राहिली थकबाकी. मानीव दिनांक, म्हणजे पदोन्नतीची मागची धरलेली तारीख, मिळाला तरी बहुतेकदा वेतननिश्चिती काल्पनिक, नुसती कागदावर होते. प्रत्यक्ष पैसे पदभार घेतल्यापासून. काम नाही तर वेतन नाही, हे त्यामागचं तत्त्व. त्याला अपवाद आहे : चौकशीतून पूर्ण निर्दोष सुटलेल्याला थकबाकी नाकारता येईलच असं नाही, असं १९९१मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं. पण अपवादाच्या भरवशावर घराचा हप्ता कोणी काढू नये.

सातपैकी एकाला मी फोन करून विचारलं, यंदाची १ जानेवारीची सूची पाहिली का? थोडा वेळ गप्प. मग म्हणाला, ‘सही तं केली होती वाटते.’