सीरियल हिट करायचीय? अक्कल बाहेर ठेवून या

मालिका लिहायचीय? लिहा की. माझा यावर ताजा अभ्यास आहे, परवाच झाला, मालवणात आतेच्या दारात, रात्री, उभ्याने. मुंबईहून बाय रोड गेलेलो, हायवेचं काय ते सांगत बसत नाही. कडी वाजवली तर आतून आवाज, "थांब रे मेल्या, ब्रेक येवंदे!"

तर टिपा घ्या. सुनेला अक्कल देऊ नका.

नट सोडून गेला तर अपघात, मग प्लास्टिक सर्जरी, मग नवा चेहरा. घरातलं कोणी काय विचारत नाही.

थोबाडीत एकच मारा पण तीनदा दाखवा, मग घरातल्या अकरा जणांचे चेहरे एकेक करून, मागे ढॅण्ण ढॅण्ण. हसू नका, यात डोकं आहे हां, मधे उठून बांगडे परतून आलं तरी बाईचं काही चुकत नाही.

कोकण दाखवायचं तर भूत पायजेच. 'रात्रीस खेळ चाले' मालिकेतल्या आकेरीच्या वाड्याचं आठवतंय ना, 2016 ला? आधी कोकणाची बदनामी म्हणून बोंब, मग तोच वाडा बघायला गाड्या करून गेलो.

आणि गोष्ट आधी ठरवूच नका. गुरुवारी टीआरपी येतो तो ठरवेल. देशभरात पन्नासेक हजार घरांत कोण काय बघतं ते मोजायच्या पेट्या, आमच्या वाडीत ती पेटी कोणी जन्मात बघितली नाही, पण तिकडे आकडा पडला की इकडे मेलेला नवरा उठून बसतो आणि आकडा चढला की एकच लग्न तीन आठवडे, हळद काय, मेंदी काय, मंगळसूत्र चोरीला काय, अरे भटजी तरी म्हातारा होईल रे!

आता सरळच बोलतो. लाज बाळगा जरा. आतेची पोरं मुंबईत, आम्ही उगवतो गणपतीत नि शिमग्याला. रोज आठाच्या ठोक्याला न चुकता तिच्या घरात येतात ती ही मेकअप थापून झोपणारी माणसं. खोटं आहे ते तिला कळतं, शिव्या घालत बघते, सकाळी शेजारणीबरोबर त्याच्याच गजाली. ती मूर्ख नाहीये, तुम्ही तिला मूर्ख धरून लिहिता. जाहिरातींचे पैसे मोजून घेता ना? मग हिरोचा कुठला पाय मोडलाय एवढं तरी कुठे लिहून ठेवा!

शेवटी दार उघडलं तिने. पाणी नाही, प्रवास कसा झाला नाही. म्हणाली, "गेल्या सोमवारी डावो मोडलेलो, आज उजव्यान लंगडता मेलो!"