पोकळ कुर्ली (खेकडा) आणि लहान नांगीबद्दल, हॉटेलतर्फे उत्तर

नमस्कार सर, तुमचा रिव्ह्यू काल रात्री वाचला. तुमची आणि वहिनींची निराशा झाली त्याबद्दल मनापासून सॉरी. रविवारी गर्दी होती, शेकशेक, म्हणजे कुर्लीचं कालवण, यायला पाऊण तास लागला ते पण मान्य. पण बाकी जे लिहिलंय त्यावर बोलल्याशिवाय मला झोप लागणार नाही, कारण आमचं हे सहा टेबलांचंच हॉटेल आहे आणि त्यावरच आमचं घर चालतं.

तुम्ही लिहिलंय की कुर्ली मेलेली होती, आतून नुसतं पाणी निघालं, आणि एक नांगी मोठी एक लहान म्हणजे दुसऱ्या कुर्लीची नांगी टाकून वजन भरलं. सर, मेलेली कशी असेल? तुमच्या मुलाने टबाजवळ उभं राहून तिचा व्हिडिओ काढला होता, ती त्याच्या मोबाईलवर धावून आली म्हणून तो किंचाळला पण होता. कुर्ली मेली की लवकर खराब होते, आमच्या घरात मेलेली कुर्ली भांड्यात पडत नाही, सरळ बाहेर जाते, नुकसान झालं तरी.

पोकळ होती हे मात्र खरं आहे. तिने नुकतीच कात टाकलेली होती. कुर्लीचं कवच वाढत नाही ना, आतलं अंग वाढतं आणि कवच तेवढंच राहतं, मग ती जुनं सोडते, अंगात पाणी भरून घेऊन फुगते आणि त्या फुगलेल्या मापाचं नवं कवच कडक होतं. नंतर कित्येक दिवस खाऊन खाऊन त्या पाण्याच्या जागी मांस भरतं. तोपर्यंत बाहेरून मोठी आणि आतून पाणी. आमच्याकडे गेल्या वर्षी टबातच एकीने रात्री कात टाकली होती. सकाळी बघते तर टबात एक कुर्ली जास्त! एक होती ती नुसतं रिकामं कवच, पाय नांग्या सकट, डोळ्यांवरचं पातळ टोपण सुद्धा जसंच्या तसं, मागच्या बाजूने डब्याच्या झाकणासारखं उघडलेलं. आणि खरी कुर्ली कोपऱ्यात, हात लावला तर उकडलेल्या अंड्यासारखी मऊ. तिला लगेच वेगळ्या बादलीत ठेवली, नाहीतर बाकीच्यांनी तिला खाऊन टाकलं असतं.

आता राग मानू नका पण ती कुर्ली तुम्ही स्वतः निवडलीत. माझ्या सासूबाई टबापाशी बसल्या होत्या, त्या तुम्हाला दोनदा म्हणाल्या "ती नाका, ती पोकळ आसा", म्हणजे ती नको, ती पोकळ आहे. त्या तुम्हाला दुसरी दाखवत होत्या, काळपट, पोटाकडून तांबूस डागांची, पाठीवर शिंपल्यासारखे बारीक खडे चिकटलेली. तुम्ही हसून म्हणालात आज्जींना जुना माल खपवायचाय वाटतं, आणि ती पांढऱ्या पोटाची चकचकीत घेतलीत. सर, चकचकीत म्हणजे नवं कवच. मळकी असते तीच भरलेली, कारण तिला कात टाकून बरेच दिवस झालेले असतात. सासूबाई चाळीस वर्षं पोटाकडून पायाच्या मुळाशी अंगठा दाबून कुर्ली घेतात, दबली तर परत टोपलीत. त्यात तुम्ही आलात पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी. आमच्याकडे जुनी माणसं सांगतात कुर्ली खायची अमावस्येला, पौर्णिमेला पोकळ मिळते. बाजारात पण त्या दिवसांत लोक बघून घेतात.

आणि ती नांगी. हे मला सगळ्यात जास्त लागलं. कुर्लीला कोणी पकडलं किंवा मारामारी झाली की ती स्वतःच नांगी सोडून देते आणि पळते. तिथे कोंब येतो आणि पुढच्या कातीला तिथून नवी नांगी बाहेर येते, पण लहान. पूर्ण मापाची व्हायला अजून दोन-तीन वेळा कात टाकावी लागते, आणि मोठ्या कुर्लीला एका कातीपासून दुसऱ्या कातीपर्यंत महिनेच्या महिने लागतात. तुमच्या ताटातली लहान नांगी ही तिचीच होती सर. मी स्वतः साफ केली ती, डावी लहान होती, टबात असताना पण लहानच होती, तुमच्या मुलाच्या व्हिडिओत दिसेल. प्लीज एकदा बघा.

अंडीवाली मागितली तर तोंडावर नाही म्हणाले असंही लिहिलंय. पोटाखाली अंड्यांचा घड लागलेली मादी खाडीत सहसा मिळतच नाही, ती अंडी सोडायला समुद्रात जाते. लाखांनी अंडी असतात, त्यातून निघणारं पिल्लू कुर्लीसारखं दिसत पण नाही, पाण्यात तरंगत पाच वेळा रूप बदलतं, मग त्याला नांग्या येतात आणि नंतर भरतीबरोबर आमच्या खारफुटीत, खाजनात (खाडीकाठच्या बांध घातलेल्या जमिनीत) येतं. कोणी समुद्रातून तशी मादी आणली तरी आम्ही घेत नाही, माझे सासरे मानशीवर (खाजनात पाणी आत-बाहेर सोडायच्या दारावर) कुर्ल्या धरायचे तेव्हापासून. नवऱ्याचा बोलायचा टोन चुकला असेल तर त्याच्या वतीने माफी मागते.

एक गोष्ट मात्र आमची चुकली. सासूबाईंची कोंकणी तुम्हाला नीट कळली नसणार, आणि मी आत भाजणं वाटत होते, बाहेर येऊन मराठीत सांगायला हवं होतं. आणि वजनावर पैसे घेतले म्हणजे तुम्ही पाण्याचे पण पैसे दिलेत, ते तेव्हाच कमी करायला हवे होते. बिलाचा फोटो पाठवा, कुर्लीचे अर्धे पैसे परत करते. टबाजवळ मराठीत पाटी लावायचं पण डोक्यात आहे, बघू, सीझन संपायच्या आत करतो काहीतरी.

स्टार वाढवा असं मी म्हणत नाही, कुर्ली आवडली नाही ते राहू दे. फक्त ते "दुसऱ्या कुर्लीची नांगी टाकली" एवढं वाक्य तेवढं काढाल का?