रिव्हॅलचा फॉर्म भरू नका म्हणणाऱ्यांनो

"मामा, मग मी रिव्हॅलचा फॉर्म नको ना भरू?" लॉ करणाऱ्या भाचीने काल एक फॉरवर्ड पाठवून खाली एवढंच विचारलं. मुदत संपायला एक दिवस उरलेला. फॉरवर्डमधला शहाणपणा असा: पुनर्मूल्यांकनावर, म्हणजे रिव्हॅलवर पैसे घालवू नका, थेट हायकोर्टात रिट याचिका टाका, कोर्ट पेपर नव्याने तपासून मार्क वाढवून देतं. 45 दिवसांत निकाल लागला नाही तर कायद्याने आपोआप पास. उत्तरपत्रिका माहिती अधिकारात कधीही मिळते.

पहिल्याच मुद्द्याने पोरांची वर्षं बुडतील. कोर्ट पेपर तपासत नाही. सुप्रीम कोर्टाने 11 डिसेंबर 2017 रोजी रणविजय सिंह विरुद्ध उत्तर प्रदेश या खटल्यात हे इतकं स्वच्छ सांगितलंय की वाद घालायला जागाच नाही. उत्तरपत्रिका तपासणं हा न्यायाधीशांचा विषय नाही, त्यांनी त्यात पडू नये. विद्यार्थ्याबद्दलच्या सहानुभूतीला इथे स्थान नाही. आणि शंका राहिलीच, तर तिचा फायदा परीक्षा घेणाऱ्या संस्थेला, विद्यार्थ्याला नव्हे. मात्र नियमांत पुनर्मूल्यांकनाची सोय असेल तर ते करून घेता येतं, हेही त्याच निकालात आहे. म्हणजे जो दरवाजा उघडा आहे, तोच हा मेसेज बंद करायला सांगतोय!

कोर्टाकडून मिळू शकते ती निकाल लावायची तारीख. अर्ज अमुक दिवशी केला, ही फी भरल्याची पावती, पुढच्या प्रवेशाची मुदत या तारखेला संपतेय आणि विद्यापीठ ढिम्म आहे, असं कागदावर दाखवलं तर विद्यापीठाच्या वकिलाला "कधी लावता निकाल?" हा प्रश्न येतो. अंतिम निकालाच्या अधीन राहून तात्पुरता प्रवेश किंवा परीक्षेला बसायची परवानगीही मागता येते. पण अर्जच केला नसेल, तर न्यायाधीशांचा पहिला प्रश्न तुम्हालाच, आणि बहुधा तोच शेवटचा.

आपोआप पास? महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, 2016 मधलं कलम 89 वाचा. निकाल शक्यतो 30 दिवसांत, फार तर 45 दिवसांत लावायचा, असं आहे. मुदत हुकली म्हणून नापासाचा पास होतो, असं त्यात कुठेही नाही.

माहिती अधिकाराचं तेवढं अर्धं खरं, ते मान्य करतो. तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क सुप्रीम कोर्टाच्या 2011 च्या आदित्य बंदोपाध्याय निकालाने दिलाय. पण "कधीही" नाही, नियमाप्रमाणे ती जपून ठेवायची तेवढ्याच काळात. शिवाय उत्तराला 30 दिवस लागू शकतात, तोवर रिव्हॅलची मुदत केव्हाच गेलेली असते. हातात उत्तरपत्रिका आली तरी तिचं करायचं काय?

राग कशाचा आहे ते कळतं. 2017 मध्ये मुंबई विद्यापीठाने ऑनस्क्रीन, म्हणजे कॉम्प्युटरवर पेपर तपासण्याचा घाट घातला, निकाल महिनोन्‌महिने रखडले, शेवटी ऑक्टोबरात कुलगुरूंना पदावरून काढावं लागलं. तेव्हा कोर्टात गेलेल्या विद्यार्थ्यांना मी नावं ठेवणार नाही. उद्या भाचीवर ती वेळ आली तर वकिलाकडे मी स्वतः नेईन. फक्त फाइलमध्ये रिव्हॅलची पावती हवी. फॉर्म तिने रात्रीच भरलाय.