फोटोतला ससाणा आणि काकूची पिल्लं

गेल्या पंधरवड्यात आमच्या तालुक्यातल्या बहुतेक व्हॉट्सॲप गटांवर एक मजकूर फिरतो आहे. वर लाल अक्षरांत ‘शेतकरी बांधवांनो सावधान’, खाली एका दांडग्या पक्ष्याचा फोटो आणि मग एकापाठोपाठ एक दावे. ससाणा रोज एक कोंबडी खातो. ताज्या मांसाशिवाय कशाला तोंड लावत नाही, उंदराकडे तर ढुंकून पाहत नाही. चिमण्या त्यानंच संपवल्या. तान्हं मूलसुद्धा उचलून नेतो. शेवटी उपाय: घरटं दिसलं की पाडा, नाहीतर कोंबडीच्या मेलेल्या पिल्लाला फवारणीचं औषध लावून वावरात ठेवा. माझ्याकडे हा मजकूर सात वेळा आला. त्यातला एक माझ्या सख्ख्या काकूनं पाठवला, म्हणून लिहायला बसलो.

आधी फोटोच बघू. भरदार छाती, विटकरी शेपटी. हा पक्षी उत्तर आणि मध्य अमेरिकेत राहतो. विदर्भात काय, भारतात कुठेच नाही. मराठीत त्याला नाव नाही, पडायचं कारणही नाही. आपण लालशेपट्या म्हणू. गंमत अशी की ज्याचा फोटो लावून हा खटला भरला, त्याच्यावर हाच खटला सव्वाशे वर्षांपूर्वी त्याच्या मुलखात चालून निकालीही निघाला आहे.

अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनिया राज्यानं १८८५ साली कायदा केला: ससाणा किंवा घुबड मारून आणा, नगामागे पन्नास सेंट घेऊन जा. कारण तेच, कोंबड्या. दीडेक वर्षात सुमारे ९० हजार डॉलर बक्षिसापायी गेले, उंदीर मात्र माजले, आणि १८८७ मध्ये कायदा गुंडाळावा लागला. मग अमेरिकेच्या कृषी खात्यातल्या ए. के. फिशर यांनी वादावादी न करता सरळ पोटंच तपासली. त्यांचा अहवाल १८९३ साली आला. लालशेपट्याची ५६२ पोटं उघडली होती. कोंबडी किंवा माणूस ज्यांची शिकार करून खातो असे तित्तरासारखे पक्षी सापडले ५४ पोटांत. उंदीर सापडले २७८ पोटांत. इतर सस्तन प्राणी १३१ पोटांत. आणि ८९ पोटं रिकामी होती! म्हणजे दहांतल्या एकानं कोंबडीसारखं काही खाल्लेलं, दोघांतल्या एकानं उंदीर, आणि सहांतला एक उपाशी. ‘रोज एक कोंबडी’वाल्यांनी हा शेवटचा आकडा जरा डोळ्यांसमोर ठेवावा. शिकारी पक्ष्याच्या बऱ्याच झेपा फुकट जातात. त्याला रोज पंगत वाढलेली नसते.

आता आपल्याकडचा आरोपी. गावात घार, शिक्रा, ससाणा, कापशी सगळ्यांचं नाव एकच, ‘घार’. काकूच्या परसातल्या कडूलिंबावर बसतो तो शिक्रा. कबुतराएवढा, वजन दीडशे-दोनशे ग्रॅमच्या आसपास, मादी नरापेक्षा मोठी. एवढ्या लहान शिकारी पक्ष्याला दिवसाला आपल्या वजनाच्या पाव हिश्शापर्यंत खाणं लागतं, म्हणजे चाळीस-पन्नास ग्रॅम. एखादा सरडा आणि वर चार नाकतोडे एवढ्यात त्याचा दिवस भागतो. पंखांत बळ कितीही असलं तरी दीड किलोची गावरान कोंबडी घेऊन तो उडणार कसा? जो पक्षी स्वतः तिच्या आठव्या-दहाव्या हिश्शाचा आहे, त्यानं ती उचलली म्हणणं म्हणजे शेळीनं बैल पळवला म्हणण्यासारखं आहे.

पण इथं काकूचं म्हणणं ऐकलं पाहिजे. ती म्हणते, “मले काय सांगतं, म्या माह्या डोयानं पाह्यलं.” आणि ती खोटं बोलत नाही. शिक्रा पिल्लू नेतो. अंड्यातून निघालेलं पिल्लू चाळीस ग्रॅमच्या आतबाहेर असतं, ते त्याला सहज झेपतं. घारही नेते, ती उघड्या अंगणावर तिरपी उतरते, पंजात धरते आणि थांबतही नाही. डोंगराकडच्या गावांत मोरघारेसारखा मोठा गरुड असेल तर तो मोठ्या कोंबडीलाही हात घालू शकतो. पक्षीप्रेमी मंडळी हे कबूल करायला का कचरतात मला कळत नाही. ज्या बाईची पिल्लं गेली तिला ‘घार फक्त किडे खाते’ असं सांगितलं की ती पुढचं एकही वाक्य ऐकत नाही, आणि बरोबरच करते.

फक्त हिशेब नीट मांडावा. काकूच्या अकरांतली पाच पिल्लं गेली. दोन दिवसाढवळ्या, तिच्यासमोर. तीन रात्रीतून, खुराड्यातून. शिक्रा, घार, ससाणा रात्री शिकारीला निघत नाहीत. अंधार पडला की तेही आपले फांदीवर. मग रात्रीची तीन कोणी नेली? उदमांजर, रानमांजर, साप, नाहीतर घूस. खुराड्यामागच्या मातीच्या भिंतीत घुशीचं बीळ निघालं, वितभर रुंद. मजकुरात घुशीचं नाव नाही, कारण तिचा फोटो कोणी लावत नाही.

‘उंदीर खात नाही’ या दाव्यावर मला जास्त बोलायचं आहे, कारण तो आपल्या खिशाशी संबंधित आहे. सोयाबीन निघालं, वावर उघडं पडलं, की विजेच्या तारेवर एक पांढरट-राखाडी पक्षी येऊन बसतो. खांद्यावर काळा डाग, डोळे लालबुंद, शेपटी खालीवर हलवत राहतो. ही कापशी. धुऱ्यावर उभं राहून बघा: उडता उडता ती हवेत एका जागी पंख फडफडवत थांबते, जशी दोरीनं टांगलेली, मग पंख वर उचलून पाय सोडून टप्प्याटप्प्यानं खाली उतरते. खाली असतो शेतातला उंदीर. उंदीर हेच तिचं मुख्य खाणं. सोबत नाकतोडे, सरडे. उंदीर भरपूर असले की ती वर्षात कधीही घरटं करते, ऋतू बघत नाही. हरभऱ्याच्या घाटेअळीसाठी पक्षीथांबे लावा असं कृषी अधिकारी सांगतात, त्या थांब्यांवर कोतवाल पक्षी बसतो तशी कधी कधी हीपण बसते.

विश्वास नसेल तर ती ज्या खांबावर रोज बसते त्याच्या बुडाशी शोधा. अंगठ्याएवढ्या राखाडी गोळ्या सापडतील. जे पचत नाही ते हे पक्षी तोंडावाटे बाहेर टाकतात. पाण्यात भिजवून काडीनं उसवल्या की उंदराचे केस निघतात. हाडं कमी मिळतील. घुबडापेक्षा यांच्या पोटातलं आम्ल तीव्र, हाडंही बरीच विरघळतात. पाचवीतल्या पोरांनाही जमेल अशी ही तपासणी आहे.

हिवाळ्यात गवताळ माळांवर जमिनीलगत तरंगत फिरणारे भोवत्ये दूर उत्तरेकडून येतात आणि इथं मुख्यतः नाकतोडे, लहान पक्षी, उंदीर यांच्यावर राहतात. सर्पगरुडाचं तर नावच सांगतं. ‘ताज्याशिवाय तोंड लावत नाही’ म्हणणाऱ्यानं गावाबाहेर ढोर टाकतात तिथं घारी बघितल्या नसाव्यात. पहिल्या पावसानंतर वाळवीला पंख फुटतात, तेव्हा याच रुबाबदार शिकाऱ्यांतले कितीतरी हवेतल्या हवेत दाणे टिपल्यासारखे किडे टिपत असतात.

चिमण्यांचं थोडक्यात. शिक्रा चिमणी मारतो, हो. पण शिक्रा आणि चिमणी आपल्या आज्यापणज्यापासून एकाच गावात नांदत आहेत. मधल्या काळात बदललं ते घर. कुडाच्या भिंती गेल्या, कौलं गेली, वळचण गेली, सिमेंटला भोक नाही. शिवाय चिमणीच्या पिल्लाला किडे भरवावे लागतात, आणि किडे आपण फवारून टाकले.

तान्ह्या मुलाच्या दाव्यासोबत जो व्हिडिओ फिरतो, बागेतलं बाळ उचलणाऱ्या गरुडाचा, तो कॅनडातल्या माँट्रियलच्या विद्यार्थ्यांनी डिसेंबर २०१२ मध्ये संगणकावर बनवलेला आहे. त्यांनी तसं स्वतः जाहीर केलं. पुढे.

राहिला उपाय, आणि माझा खरा राग इथं आहे. विष लावलेलं पिल्लू कोण खाईल ते कोण ठरवणार? मेलेलं खाणारं पहिलं येईल गावातलं कुत्रं, कावळा, मांजर. बरं, फवारणीच्या औषधाचं नाव मजकुरात दिलंय, मोनोक्रोटोफॉस. अर्जेंटिनात १९९५-९६च्या सुमारास नाकतोड्यांवर हेच औषध फवारलं, ते नाकतोडे खाऊन उत्तर अमेरिकेतून हिवाळ्यासाठी आलेले स्वेनसन ससाणे हजारोंनी शेतात मरून पडले. आणि आपल्या यवतमाळ जिल्ह्यात २०१७ साली कपाशीवर फवारताना माणसं मेली, तेव्हा चर्चेत आलेल्या औषधांत हे नाव होतंच. ते घरात उघडून पिल्लाला चोळायला सांगणारा माणूस शेतकऱ्याचा बांधव कसा? शिवाय १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली या पक्ष्यांना मारणं, घरटं पाडणं गुन्हा आहे, तो वेगळाच. पावसाळ्यात गुलेलीनं पडतो तो पुष्कळदा शिक्राही नसतो. हुबेहूब त्याच्यासारखा दिसणारा पावशा असतो, ‘पेरते व्हा’ ओरडणारा, अंगावर केस असलेल्या अळ्या खाणारा.

काकूनं पहिले पाच-सहा आठवडे पिल्लं डाल्याखाली ठेवायला सुरुवात केली आहे, दिवसा वर जुनी मासोळीची जाळी. खुराड्याच्या तळाला पत्रा ठोकला, बीळ दगड-सिमेंटनं बुजवलं. सहा पिल्लं उरली होती, आज सकाळी मोजली तेव्हा सहाच होती. शिक्रा कडूलिंबावर होता, पंजात सरडा. काकूनं त्याला शिवी घातली, पण दगड नाही मारला.