शिडी, बर्फ आणि शेवटची मिठी

नाताळाचा विनोदी चित्रपट लिहिण्याचे आपण मनावर घेतले आहे, याबद्दल प्रथम आपले अभिनंदन. चित्रपटाच्या इतर कोणत्याही प्रकारात नाही अशी एक सोय या प्रकारात आहे. येथे प्रेक्षक हसण्यासाठी आलेलाच नसतो. तो पोटभर जेवून सोफ्यावर रेललेला असतो, शेजारी वर्षातून एकदाच भेटणारे नातेवाईक असतात, आणि त्यांच्याशी बोलण्याचा प्रसंग दोन तास पुढे ढकलला जावा एवढीच त्याची चित्रपटाकडून अपेक्षा असते. तेव्हा विनोदाची चिंता तूर्त बाजूला ठेवून आपण आधी बर्फाची व्यवस्था करावी.

बर्फाच्या बाबतीत कंजुषी नको. पूर्वी हॉलिवूडमध्ये पांढरे रंगवलेले कॉर्नफ्लेक्स उधळून बर्फवृष्टी दाखवत असत. मात्र त्यांवरून नट चालू लागले की असा करकर आवाज होई की संवाद नंतर पुन्हा ध्वनिमुद्रित करावे लागत. १९४६ सालच्या ‘इट्स अ वंडरफुल लाइफ’साठी आग विझवण्याचा फेस, साबण आणि पाणी यांपासून नवा, न वाजणारा बर्फ तयार करण्यात आला आणि संवादांचा जीव वाचला. आपल्या पटकथेचा विचार करता मी आपल्याला कॉर्नफ्लेक्सच सुचवीन.

बर्फ पडला की शिडी लावावी आणि तिच्यावर बापाला चढवावे. बाप शिडीवरून पडला की लोक हसतात, असे या क्षेत्रातील जाणकार सांगतात आणि पुराव्यादाखल १९८९ सालच्या ‘ख्रिसमस व्हेकेशन’कडे बोट दाखवतात. जॉन ह्यूज यांनी लिहिलेल्या या चित्रपटात चेव्ही चेसने रंगवलेला क्लार्क ग्रिसवॉल्ड घराच्या छपरावरून खरोखरच कोसळतो. आपण हे दृश्य तेवढेच पाहावे आणि लगेच दूरचित्रवाणी संच बंद करावा. पुढचे पाहिलेत तर गोंधळ वाढेल.

कारण पुढे असे होते की क्लार्क सगळ्या कुटुंबाला कडाक्याच्या थंडीत अंगणात उभे करतो आणि हिशेब सांगतो: दोनशे पन्नास माळा, प्रत्येक माळेत शंभर दिवे, म्हणजे एकूण पंचवीस हजार दिवे. मग तो ढोल वाजवल्यासारखा आवाज काढायला लावतो, दोन वायरी एकमेकींत खुपसतो, आणि काहीही होत नाही. एकही दिवा लागत नाही. थोरली मंडळी थोडा वेळ अंधाराकडे पाहतात आणि आत निघतात. याने फार मेहनत घेतली हो, असे घरातले कोणी समजुतीने सांगते, त्यावर सासरेबुवा उत्तर देतात की मेहनत तर कपडे धुण्याचे यंत्रही घेते. क्लार्क पुढे बराच काळ त्या वायरींशी झटापट करतो. दोष मात्र वायरींचा नसतो. त्यांना वीज पुरवणारा खटका घरात आत असतो आणि तो बंद असतो. अखेर बायकोच्या ते लक्षात येते, ती खटका दाबते, घर सूर्यासारखे पेटते आणि गावाला वीज पुरवणाऱ्या केंद्रात राखीव अणुशक्ती जोडण्याची वेळ येते. क्लार्क भारावून एकेकाला मिठी मारत सासऱ्यांपर्यंत पोहोचतो, तेव्हा ते शांतपणे निदर्शनास आणून देतात की बारीक दिवे लुकलुकत नाहीत.

आता या प्रसंगात शिडी कुठे आहे? असा प्रश्न आपल्याला पडू नये म्हणूनच संच बंद करण्यास सांगितले होते. हसू येते ते बापाने आनंदाचा कार्यक्रम आखल्यामुळे, त्यासाठी माळा मोजल्यामुळे, घरच्यांना हजेरीला उभे केल्यामुळे, आणि ज्याच्यासाठी हे सारे केले त्या माणसाने त्यातली नेमकी उणीव काढल्यामुळे. सणाला तारीख असते. ती पुढे ढकलता येत नाही. त्या तारखेला सर्वांनी आनंदी असणे बंधनकारक असते, आणि बंधनकारक आनंदाइतकी पडझडीला सोपी इमारत दुसरी नाही. परंतु हे पटकथेत उतरवायचे तर आपल्याला सासरेबुवा लिहावे लागतील, त्यांना अपमान न वाटणारा अपमान करता यावा लागेल, आणि त्यासाठी आपल्या स्वतःच्या नातेवाइकांकडे थोडा वेळ नीट पाहावे लागेल. एवढे कोण करत बसणार? शिडी घसरवा.

शिडीने भागले नाही तर मार द्यावा. चित्रपटात माणसाला मार बसणे ही हमखास युक्ती आहे, आणि १९९० सालचा ‘होम अलोन’ हा त्या युक्तीचा दाखला म्हणून सर्वत्र दिला जातो. कथा ह्यूज यांचीच, दिग्दर्शन ख्रिस कोलंबस यांचे. सुमारे १ कोटी ८० लाख डॉलरमध्ये तयार झालेल्या या चित्रपटाने जगभरात ४७ कोटी डॉलरहून अधिक कमावले. ते का कमावले याचे उत्तर आपल्यासारख्या व्यवहारी माणसाला एका वाक्यात मिळते: चोराच्या तोंडावर इस्त्री पडते. मग आपल्या चित्रपटात दोन इस्त्र्या पाडा, गणित सोपे आहे.

येथेही काही खोडसाळ लोक आपल्याला तपशिलात ओढू पाहतील. ते सांगतील की घरी एकटा राहिलेला मुलगा चोरांसाठी जे सापळे लावतो त्यांचा सगळा धुमाकूळ चित्रपटाच्या शेवटच्या अर्ध्या तासात आहे. त्यापूर्वी तासभर एक आठ वर्षांचा मुलगा रिकाम्या घरात राहायला शिकतो, एकटाच बाजारहाट करतो, तळघरातल्या भट्टीला घाबरतो आणि मग घाबरणे सोडतो, त्यामुळे चोर दाराशी येईपर्यंत ते घर आपलेही झालेले असते. ते असेही सांगतील की मुलगा आधी सापळ्यांचा नकाशा काढतो आणि आपल्याला त्या कटात सामील करून घेतो. दाराची मूठ तापलेली आहे हे आपल्याला ठाऊक असते, चोराचे काम करणाऱ्या नटाच्या, जो पेशीच्या, हाताला ठाऊक नसते, आणि तो हात मुठीपर्यंत पोहोचेपर्यंतचा जो वेळ आहे त्यातच हसू साठत असते. भाजणे ही केवळ पोचपावती. शिवाय चोर दर वेळी उठून उभे राहतात. फ्रेंच तत्त्वज्ञ आंरी बर्गसाँ यांनी १९०० साली हास्यावरील आपल्या ग्रंथात म्हटले होते की हसण्यासाठी हृदयाला क्षणभर भूल द्यावी लागते. चोर लंगडत का होईना पुन्हा जिना चढू लागला की ती भूल उतरत नाही. तो कण्हत पडून राहिला, तर तोच प्रसंग रुग्णालयाच्या मालिकेत जमा होतो.

त्या चित्रपटातला सर्वांत चांगला फटका तर मुलगा मारतच नाही. दुसरा चोर झालेल्या डॅनियल स्टर्नच्या चेहऱ्यावर टॅरंटुला हा मोठा केसाळ कोळी ठेवला जातो, आणि तो कोळी खरा होता. स्टर्न किंचाळतो, कोळी झटकतो आणि तो खाली पडलेल्या जोडीदाराच्या छातीवर जाऊन बसतो. स्टर्न हळूच पहार उचलतो. जोडीदार पाहतो आहे, नको म्हणतो आहे, स्टर्नचे लक्ष मात्र फक्त कोळ्याकडे. कोळी अर्थातच निसटतो. येथे सापळा नाही, मुलगा नाही, काही नाही. दोन मूर्ख माणसे, एक कोळी आणि चुकीच्या क्षणी आलेली एकाग्रता आहे. असे लिहायला पात्रांची डोकी कशी चालतात हे ठाऊक असावे लागते. आपल्याकडे दोन इस्त्र्या आहेत, आपण त्यावरच राहावे.

१९९२ सालच्या दुसऱ्या भागात रंगाचे डबे पुन्हा दोरीवरून झुलत येतात. चोरांना या वेळी आठवण असते, ते वेळेवर वाकतात, डबे डोक्यावरून निघून जातात, ते विजयी मुद्रेने सरळ उभे राहतात, आणि मागून भलीमोठी लोखंडी नळी येते. तोच विनोद पुन्हा करताना प्रेक्षकाची स्मरणशक्ती जमेस धरायची असते, हे या नळीवरून कळते. त्यानंतर १९९७, २००२, २०१२ आणि २०२१ अशा आणखी चार भागांनी नळी सांभाळली आणि स्मरणशक्ती सोडून दिली. आपण या चौघांच्या वाटेने निःशंक जावे, तेथे गर्दी नाही.

आता नायकाविषयी. नायक वेडगळ असावा, आणि आपण वेडगळ आहोत हे त्याला पुरते ठाऊक असावे. प्रत्येक विनोदानंतर त्याने प्रेक्षकांकडे अर्धवट पाहून भुवया उडवल्या म्हणजे हसायचे कुठे याचा घोटाळा होत नाही. २००३ सालच्या ‘एल्फ’मध्ये विल फेरेलने हे पथ्य मुळीच पाळलेले नाही. सहा फुटांवर उंची असलेला हा माणूस हिरवा डगला आणि पिवळी तुमान घालून न्यूयॉर्कमध्ये फिरतो, स्पॅगेटीवर पाक ओततो, फिरत्या दारात मनसोक्त गोल गोल फिरतो, आणि यात विचित्र काही आहे असे त्याच्या मनातही येत नाही. सगळे अवघडलेपण आजूबाजूच्यांच्या वाट्याला येते. दिग्दर्शक जॉन फॅव्हरो यांनी त्याला एल्फांच्या, म्हणजे सांताक्लॉजच्या बुटक्या मदतनिसांच्या, गावात अवाढव्य दाखवण्यासाठी संगणकावर भिस्त न ठेवता कॅमेऱ्यापासूनच्या कमीअधिक अंतराची जुनी क्लृप्ती वापरली, म्हणजे तंत्रातसुद्धा तीच भाबडी निष्ठा. आपण यातला हिरवा डगला घ्यावा.

सणाच्या बाजारूपणावर टीका हवीच, तिच्यावाचून चित्रपटाला वजन येत नाही. १९९६ सालच्या ‘जिंगल ऑल द वे’मध्ये आर्नोल्ड श्वार्झनेगर मुलासाठी टर्बोमॅन नावाची बाहुली मिळवायला शहरभर धावतो आणि ग्राहकांच्या वेडाची भरपूर थट्टा होते. त्याच नाताळात टर्बोमॅनच्या बाहुल्या दुकानांत विक्रीला आल्या. टीका आणि विक्री असा दुहेरी लाभ देणारे दुसरे कोणतेही खेळणे मला आठवत नाही.

शेवटी मिठी. याविषयी फार सांगण्यासारखे नाही, कारण आपण ती पहिल्या दिवशीच लिहून ठेवली असेल. बापाला कळते की खरी भेट म्हणजे कुटुंब, खिडकीबाहेर कॉर्नफ्लेक्स पडू लागतात, कुठून तरी गाणारे लोक येतात, आणि दीड तास एकमेकांना न सोसवणारी माणसे एकमेकांना सोसू लागतात. ही मिठी अजिबात कमावलेली नसावी. कमावलेल्या मिठीने लोकांच्या डोळ्यांत पाणी येते, आणि सोफ्यावर शेजारी बसलेल्या नातेवाइकांसमोर ते कोणालाच परवडत नाही. सासरेबुवांना मात्र या दृश्यात तोंड उघडू देऊ नये, ते दिव्यांविषयी काहीतरी बोलतील.

चित्रपट कधी प्रदर्शित करावा, हा वितरकांचा प्रश्न आहे. १९४७ साली ‘मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट’ हा सांताक्लॉजचा चित्रपट स्टुडिओप्रमुख डॅरिल झॅनक यांनी उन्हाळ्याच्या सुमारास प्रदर्शित केला, कारण त्या दिवसांत लोक चित्रपटगृहात अधिक जातात असे त्यांचे मत होते. जाहिरातींतून नाताळाचा उल्लेख शिताफीने वगळण्यात आला होता. आज असले धाडस कोणी करत नाही. प्रदर्शन डिसेंबरच्या आसपास ठरलेले असते, त्यामुळे चित्रीकरण बहुधा भर उन्हाळ्यात करावे लागते. म्हणून एक शेवटची व्यवहाराची सूचना: मिठीच्या दृश्याआधी नटांच्या लोकरी टोप्या थोडा वेळ काढून ठेवाव्यात आणि बापाच्या मानेवरचा घाम पुसून घ्यावा, कारण कॉर्नफ्लेक्स ओल्या कातडीला चिकटतात.